झाडांची मोजदाद

(जबलपूर येथील स्मृतिव्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



ज्यांच्या स्मरणार्थ ही व्याख्यानं होतात, त्या सरांच्या वर्गात मी बसलेली आहे. समोर त्यांचे आणखी पंधरा-वीस विद्यार्थी दिसताहेत. तेव्हा सरांबद्दल काही वाढवून सांगितलं तर मी जागच्या जागी पकडली जाईन. सर मराठी शिकवायचे, पण शनिवारी संध्याकाळी ते सिनेमावाले व्हायचे. एक १६ मिलिमीटरचा प्रोजेक्टर त्यांनी कुठून तरी मागून आणला होता आणि परत करायला ते, बहुधा मुद्दामच, विसरले होते. पडदा म्हणजे दोन धोतरं जोडून शिवलेली. शिवण बरोबर मधोमध यायची. त्यामुळे आम्ही लहानपणी पाहिलेल्या प्रत्येक नटाच्या नाकावरून एक टाका गेलेला आहे.

सिनेमा संपला की दिवे लावून सर एकेकाला उभं करायचे. काय दिसलं? कुणी म्हणालं, "फार वाईट वाटलं सर," की सरांचा हात वर. "वाईट वाटलं ते तुझ्यापाशी ठेव. दिसलं काय, ते सांग." मग त्या पोराला आठवून आठवून सांगावं लागे, की म्हातारीच्या हातात एकच बांगडी होती आणि ती सारखी पदरानं झाकत होती. आम्हाला हा जाच वाटायचा. कमानिया गेटापाशी खोव्याची जिलबी संपत आलेली असायची, आणि इथे म्हातारीच्या बांगड्या मोजा.

पुढे मी मुंबईला गेले आणि माहितीपटांची संकलक झाले. दुसऱ्यांनी टिपलेली माणसं मी तीस वर्षं कापत आणि जोडत आले. निमंत्रणपत्रिकेवर 'माहितीपट आणि मानवी भावना' असा भारदस्त विषय छापलाय. तो माझ्या अंगाला थोडा सैल होतो. मी आपली माझ्या एका चुकीपासून सुरुवात करते. ती चूक याच गावात झाली.

१९९३ साल. बरगी धरण इथून चाळीसेक किलोमीटरवर. नर्मदेवरच्या मोठ्या धरणांच्या साखळीतलं ते पहिलं पूर्ण झालेलं. १९९० मध्ये पाणी अडलं, आणि जबलपूर, मंडला, सिवनी या जिल्ह्यांतल्या १६२ गावांना त्याची झळ लागली. त्यातली बरीच माणसं जबलपुरात येऊन सायकलरिक्षा ओढू लागली. तुम्ही-आम्ही त्या रिक्षांत बसलो, दोन रुपयांवरून हुज्जत घातली आणि घरी आलो. मला वाटलं, यावर फिल्म करावी. कॅमेरा गोलबाजारातल्या एका लग्नाच्या शूटिंगवाल्याकडून दिवसाच्या भाड्यानं आणला. बटणं दाखवून झाल्यावर त्यानं मला धंद्यातलं गुपितही सांगितलं: "बिदाई के टैम झूम मारना, मैडम. आँसू गिरने से पहले."

मदनमहल स्टेशनाबाहेर एक रिक्षावाले काका भेटले. तीन दिवस मी त्यांच्याशी बोलत होते. ते बरंच काही सांगत होते आणि मी वाट बघत होते. तिसऱ्या दिवशी त्यांचे डोळे भरून आले, आणि मी झूम मारला. आँसू गिरने से पहले.

दोन व्हीसीआर एकमेकांना जोडून, रात्री जागून, मी बावीस मिनिटांची फिल्म कापली. त्यात तो शॉट चाळीस सेकंद आहे. दाखवली तिथे लोक गप्प झाले, एक-दोघींनी डोळे पुसले, मला फार मोठं काही साधल्यासारखं वाटलं. मग काकांच्या वस्तीत भाड्याचा टीव्ही नेऊन ती लावली. संपल्यावर काका उठले, माझ्यापाशी आले. राग नव्हता. हिशेब चुकल्यावर माणूस विचारतो तसं विचारलं: "हमाओ रोबो तो दिखा दओ बिन्ना, जो हमने गिनाओ हतो बो कहाँ गओ?"

त्यांनी मला झाडं मोजून दाखवली होती. आपल्या बुडालेल्या शिवारातली, एकेक. ती मी कापली होती. माहिती म्हणून.

आता थोडं भिंगाबद्दल. तांत्रिक वाटेल, पण माझ्या मते सगळं नीतिशास्त्र त्यातच आहे. पडद्यावर माणसाचा चेहरा मोठा दिसायला हवा असेल तर दोन रस्ते. लांब पल्ल्याचं भिंग लावा आणि रस्त्याच्या पलीकडे उभे राहा. चेहरा भरून येईल, मागचं सगळं धूसर आणि सुंदर होईल, आणि त्या माणसाला पत्ताही लागणार नाही. किंवा रुंद कोनाचं भिंग लावा. मग चेहरा मोठा हवा तर हातभर अंतरावर जावं लागतं. तिथे तुमचा श्वास त्याला ऐकू येतो. त्याला नको असेल तर तो तुम्हाला ढकलू शकतो. 'अहो बाजूला व्हा' म्हणू शकतो. प्रेक्षकाला दोन्ही चेहरे सारखेच जवळचे वाटतात. मला संकलनाच्या टेबलावर लगेच कळतं कुठला कसा आणलाय. दुसऱ्या तऱ्हेच्या चित्रात माणसाची नजर भिंगाच्या जरा बाजूला, कॅमेऱ्यामागच्या माणसावर असते.

ही दुसरी तऱ्हा आपल्याकडे ज्यानं चिवटपणे चालवली तो माणूस म्हणजे आनंद पटवर्धन. त्यांची ओळख राजकीय माहितीपटकार अशी आहे. कोर्टकचेऱ्या, सेन्सॉर, बंद पडलेले खेळ. 'जंग और अमन'साठी मुंबई उच्च न्यायालयापर्यंत जाऊन एकही काट न देता त्यांनी तो सोडवून आणला, ही गोष्ट पुष्कळांना ठाऊक असते. मात्र भावनेविषयी बोलताना त्यांचं नाव कुणी घेत नाही. मला हे चमत्कारिक वाटतं.

त्यांचा 'हमारा शहर' १९८५ चा. मुंबईतल्या झोपड्या पाडल्या जात होत्या, त्याविषयीचा. त्यात एक बाई आहे. तिचं घर नुकतंच पाडलेलं. ती कॅमेऱ्यावरच उखडते. तुम्ही गरिबांचे फोटो काढता, नाव कमावता, आम्हाला त्याचं काय, अशा अर्थाचं बोलते. कुठलाही शहाणा संकलक हे पहिल्या कापणीतच काढेल. दिग्दर्शकाची शोभा होते, विषय भरकटतो, आणि बाई म्हणते त्याला उत्तरही नसतं. पटवर्धनांनी ते ठेवलं. ठेवलं एवढंच नाही, खुलासा म्हणून पुढे एक वाक्यही जोडलं नाही. मी हा प्रसंग पहिल्यांदा पाहिला तेव्हा माझ्या रिक्षावाल्या काकांना वर्ष-दीड वर्ष झालं असेल. थिएटरच्या अंधारात माझे कान गरम झाले, हे कबूल करते.

त्या बाईच्या रागात तिचं सगळं घर आहे. पडलेल्या पत्र्यांचे शंभर शॉट लावूनही ते आलं नसतं. आणि तो राग चित्रपटात येऊ शकला, कारण कॅमेरा तिच्या हाताच्या टप्प्यात होता.

आता, याच्या उलट परंपरा फार जुनी आहे आणि फार गोडही आहे. रॉबर्ट फ्लाहर्टीचा 'नानूक ऑफ द नॉर्थ' १९२२ चा, माहितीपटांचा आद्य पुरुष म्हणतात तो. त्यातला नानूक हिमघरात बायकापोरांसह झोपतो, उठतो, तेव्हा आपण विरघळतो. पण त्या काळच्या कॅमेऱ्याला हिमघरातला उजेड पुरेना. म्हणून अर्धंच, एका बाजूनं उघडं हिमघर बांधलं आणि ते कुटुंब थंडीत कुडकुडत झोपेचं नाटक करत होतं. नानूक हे त्याचं नावही नव्हतं. अल्लाकारिअल्लाक हे खरं नाव. फ्लाहर्टीला खोटारडा म्हणायला माझी जीभ रेटत नाही, त्याच्या चित्रांत प्रेम आहे. पण ते एका बाजूनं उघडं ठेवलेलं घर माझ्या डोक्यातून जात नाही.

१९६० मध्ये फ्रान्समध्ये ज्याँ रूश आणि एद्गार मोरँ या दोघांनी पॅरिसच्या माणसांना रस्त्यात गाठून 'तुम्ही सुखी आहात का' असं विचारत एक उन्हाळा काढला. शेवटी जमलेलं चित्रण त्याच माणसांना बोलावून दाखवलं आणि त्यावरचं त्यांचं भांडणही चित्रपटात घातलं. कुणी म्हणालं हे खोटं वाटतं, कुणी म्हणालं हे फारच उघडंवाघडं आहे, इतकं दाखवू नये. सर असते तर खूश झाले असते. दिवे लावून एकेकाला उभं केलेलंच होतं.

आपल्याकडे पुण्यात सुमित्रा भावे या समाजकार्याच्या वाटेनं चित्रपटाकडे आल्या. वस्तीतल्या बायकांवर संशोधन चाललेलं होतं, अहवाल लिहिले जात होते, आणि ज्यांच्याविषयी ते लिहिले जात होते त्यांना ते वाचता येणार नव्हते. ही साधी अडचण त्यांना बोचली. त्यातून १९८५ मध्ये 'बाई' हा लघुपट झाला. म्हणजे ज्या वर्षी मुंबईतली ती बाई कॅमेऱ्यावर ओरडत होती, त्याच वर्षी पुण्यात कुणीतरी, आपण जिच्याबद्दल बोलतोय तिला ते बघता आलं पाहिजे, म्हणून कॅमेऱ्याकडे वळत होतं. दोघांची शैली पार वेगळी. भाव्यांचं रचलेलं, पटवर्धनांचं झगडत मिळवलेलं. तरी मला ही दोन कामं सख्खी वाटतात.

अलीकडचं एक नाव घेते. सर्वनिक कौर यांचा 'अगेन्स्ट द टाइड', २०२३ चा, मुंबईच्या राकेश आणि गणेश या दोन कोळी मित्रांवरचा. एक बापजाद्यांच्या पद्धतीनं किनाऱ्याजवळ जाळं टाकतो, दुसरा कर्ज काढून खोल समुद्रात जातो. यात दिग्दर्शिका दिसत नाही, तिचा आवाजही नाही. दोघं दारू पिताना, भांडताना कॅमेरा घरातल्या खांबासारखा उभा आहे. तेव्हा, बोलणारा दिग्दर्शक चांगला आणि गप्प दिग्दर्शक लबाड, असं मी म्हणत नाहीये. तो चित्रपट पाहताना माणसं खांबाला विसरलेली वाटत नाहीत, सरावलेली वाटतात. त्याला वर्षं लागतात, आणि निर्माते दिवसांत पैसे देतात.

वेळ म्हटल्यावर एक हिशेब सांगते. १६ मिलिमीटर फिल्मचं शंभर फुटांचं रीळ पावणेतीन मिनिटांत संपतं. चारशे फुटांचं अकरा मिनिटं चालतं. कॅमेरा सुरू झाला की तो आवाज पैशांचा असतो. समोरचा माणूस मुद्द्यावर यायला बारा मिनिटं घेत असेल तर तुमच्याकडे मुद्दा कधीच येत नाही. म्हणून जुन्या माहितीपटांत माणसं कमी बोलतात आणि निवेदक फार बोलतो. व्हिडिओ आला आणि थांबणं स्वस्त झालं. पटवर्धन आणि सीमंतिनी धुरू यांची 'अ नर्मदा डायरी' १९९५ ची. ती नावाप्रमाणे खरोखर रोजनिशी आहे, पुन्हा पुन्हा त्याच गावांत जाऊन लिहिल्यासारखी. अक्कलकुवा तालुक्यातलं, नर्मदेवरच्याच दुसऱ्या धरणाच्या बुडितातलं मणिबेली त्यात आहे. मणिबेलीला पोचणारं पाणी आधी आपल्या ग्वारीघाटावरून, भेडाघाटावरून गेलेलं असतं. भेडाघाटचे नावाडी आजही पर्यटकांना खडक दाखवत यमकं जुळवत सांगतात, की इथे राज कपूरचं शूटिंग झालं, 'जिस देश में गंगा बहती है'चं. संगमरवर, चांदणं, सिनेमा. वर बरगी, खाली मणिबेली, आणि मध्ये ही जत्रा. मी त्याच जत्रेत वाढले, त्यामुळे नाक मुरडत नाही. पण 'नर्मदा डायरी' पाहताना मला हीच नदी प्रथमच लांबीनं दिसली.

थांबण्याची परिसीमा मात्र 'जय भीम कॉम्रेड'मध्ये आहे. 'हमारा शहर'मध्ये विलास घोगरे नावाचे शाहीर गाताना दिसतात. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं गेली. त्यानंतर चार दिवसांनी विलास घोगरे यांनी आपल्या झोपडीत गळफास घेतला. डोक्याला निळी पट्टी बांधून. पटवर्धनांनी तेव्हा कॅमेरा उचलला तो चौदा वर्षं खाली ठेवला नाही. चित्रपट २०११ मध्ये पुरा झाला, तीन तासांहून मोठा. सुरुवातीला पुन्हा तेच जुनं गाणं येतं, 'हमारा शहर'मधलं.

संकलक म्हणून सांगते, अशी गोष्ट मला टेबलावर कुठल्याही युक्तीनं साधता आली नसती. तेच चित्रण. एक फ्रेम इकडची तिकडे नाही. १९८५ मध्ये तो गरिबांची बाजू मांडणारा एक खणखणीत आवाज होता. २०११ मध्ये आपण त्या माणसाच्या गळ्याकडे बघत बसतो. कुणी रडत नाही. विलास तर जोशात गात आहेत. पुढच्या तीन तासांत गाणी आहेत, सभा आहेत, खटला आहे, मयतांची घरं आहेत, आणि ज्यांना कुणी काही विचारत नाही अशा माणसांना पुरतं बोलू दिलं आहे. कुठल्या बाईला आपल्या मुलाच्या नोकरीबद्दल सांगायचं असेल तर ती तेच सांगते. शोकाच्या जागी कॅमेरा तिला ढोसत नाही. पूर्ण झाल्यावर हा चित्रपट आधी भायखळ्याच्या बी.आय.टी. चाळीत, उघड्यावर, दाखवला गेला. मला वस्तीतला माझा भाड्याचा टीव्ही आठवला.

एवढ्यावर कुणी म्हणेल, बाई, हे सगळं रस्त्यावरचं झालं. घरातलं काय? पटवर्धनांचा अलीकडचा मोठा चित्रपट घरातलाच आहे. 'वसुधैव कुटुंबकम्', २०२३. त्यांचे आईवडील, निर्मला आणि बाळू. वडलांचे भाऊ अहमदनगरचे राऊ आणि अच्युत पटवर्धन, बेचाळीसच्या भूमिगत चळवळीतले अच्युतराव तेच. आई सिंधमधली, शांतिनिकेतनात शिकलेली, कुंभारकामाच्या कलेत नाव मिळवलेली. आईच्या माहेरचे भाई प्रताप, ज्यांनी फाळणीनंतर निर्वासित सिंध्यांसाठी गांधीधाम उभं केलं. एवढा इतिहास घरात असलेल्या माणसानं त्यावर दहा भागांची भव्य मालिका केली असती तरी कुणी नावं ठेवली नसती.

या माणसानं काय केलं, तर म्हाताऱ्या आईवडलांना चहा पिताना, फिरायला जाताना, एकमेकांना टोमणे मारताना टिपलं. चित्रपट करायचा म्हणून नव्हे, घरातल्या आठवणी म्हणून. जोडणी झाली ती दोघं गेल्यानंतर बऱ्याच वर्षांनी. वडील थट्टेखोर. मुलगा इतिहास विचारतो आणि वडील विनोद करतात. आपण हसतो, आणि हसता हसता लक्षात येतं की वडील थकत चालले आहेत आणि हे मुलाच्या आपल्या आधी लक्षात आलेलं आहे. त्याचा आवाज तेवढा किंचित बदलतो. कॅमेरा मात्र जवळ सरकत नाही. मी तो भाग घरी तीनदा मागे नेऊन पाहिला, झूम आहे का म्हणून. नाही.

जो माणूस चाळीस वर्षं परक्यांच्या दारात उभा राहून त्यांच्या शिव्या खात आला, त्याला आपल्या घरात कॅमेरा कुठे धरायचा हे शिकावं लागलं नाही. मुलगा म्हणून त्याला आणखी दोन पावलं पुढे जाण्याचा हक्क होता. तो त्यानं वापरला नाही. आईवडलांना जे सांगायचंय, जसं टाळायचंय, तसं ते सांगतात आणि टाळतात.

आता आवरते. मागे पंख्याखाली बसलेल्यांची चुळबुळ मला इथून दिसते आहे, सरांचेच विद्यार्थी आहेत.

गेल्या वर्षी घर आवरताना १९९३ च्या टेप सापडल्या. एकीवर बुरशी धरली होती, ती गेली. दुसरी एका ओळखीच्यानं साफ करून संगणकावर घेऊन दिली. कानात हेडफोन घालून पहिल्यांदाच पुरी ऐकली. रिक्षावाले काका बोटांच्या पेरांवर मोजताहेत. महुए चौदह. त्यातला कुठला थोरल्या सुनेचा, कुठला धाकटीचा, फुलं वेचायला कोण किती वाजता उठायचं. आम छै, एक खट्टा, तो लोणच्याचा. अचार के, म्हणजे चारोळीचे, पाँच. तेंदू त्यांनी मोजले नाहीत, "बे तो जंगल के हते" म्हणाले. एक विहीर, तिच्या काठचं एक बेलाचं. किती झाडांचे पैसे मिळाले, किती झाडं कागदावर आलीच नाहीत. मग पुन्हा पहिल्यापासून, मला नीट कळलं नसेल म्हणून. हे अकरा मिनिटं चालतं. त्यांच्या डोळ्यांत पाण्याचा मागमूस नाही. उलट, चेहऱ्यावर एक तरतरी आहे, पाहुण्याला घर दाखवताना असते तशी.

मोजून झाल्यावर ते माझ्याकडे बघतात, म्हणजे भिंगाच्या जरा डावीकडे, आणि विचारतात, "तुमाए घरे कित्ते पेड़ हैं, बिन्ना?"

टेपवर थोडा वेळ काही नाही. स्टेशनातून गाडी सुटल्याचा आवाज. कुणाची तरी सायकलची घंटा. मग माझा आवाज येतो, बावीस वर्षांच्या मुलीचा, घाईतला: "भैया, वो घर छूटने वाली बात एक बार फिर से बताइए ना."

काका बोटं मिटतात. त्यानंतर तो चाळीस सेकंदांचा शॉट आहे.